जिवंत आकडा

कळवणच्या बाजार समितीत उन्हाळ कांद्याचे ट्रॅक्टर रांगेला लागले, की आपल्या ट्रॉलीजवळ बोली येईपर्यंत सावली धरून बसणं एवढंच काम उरतं. एप्रिलमधल्या अशाच एका सकाळी माझा भाचा ट्रॉलीखाली फतकल मारून मोबाइलवर बुद्धिबळ खेळत होता. सातवीतला पोरगा. डाव हरला आणि पडद्यावरचा आकडा आठाने उतरला. त्याने मान वर करून विचारलं, "मामा, विदितचा किती?"

"सत्तावीसशेच्या आसपास."

"माझा अकराशे." तो थोडा वेळ गप्प राहिला. "पण हे ठरवतं कोण?"

प्रश्न साधा होता आणि उत्तर मला तिथल्या तिथे देता आलं नाही. विदित गुजराथी नाशिकचा. वणी-दिंडोरीवरून गेलं तर दोन-अडीच तासांवर त्याचं गाव. तो ग्रँडमास्टर आहे हे आमच्याकडे शाळकरी पोरांनाही ठाऊक आहे. पण ग्रँडमास्टर म्हणजे नक्की काय? कुठली परीक्षा दिली, कुणी तपासली, किती मार्क पडले? त्या दिवसानंतर मी हे सगळं नीट समजून घेतलं आणि जसजसं उलगडत गेलं तसतसा थक्क होत गेलो.

बुद्धिबळातला रेटिंगचा आकडा कुणी माणूस देतच नाही. निवड समिती नसते, गुणपत्रिका नसते. दोन खेळाडू समोरासमोर बसतात, डाव संपतो आणि एकाच्या आकड्यातून काही गुण निघून दुसऱ्याच्या आकड्यात जातात. कांद्याचंही असंच असतं. सकाळी ट्रॉलीत भरलेला कांदा दुपारी तोच असतो, पण त्याचा भाव त्या दिवशी बाजारात आणखी कोण कोण आलं यावर ठरतो. रेटिंगही खेळाडूच्या डोक्यात किंवा बोटांत सापडत नाही. तो कुणासमोर बसला आणि तिथून काय घेऊन उठला, एवढ्यावर ते ठरतं.

ही पद्धत शोधणारा माणूस अर्पाद एलो. १९०३ साली हंगेरीत जन्मला, लहानपणी आईवडिलांबरोबर अमेरिकेत गेला, मिलवॉकीच्या मार्केट विद्यापीठात पदार्थविज्ञान शिकवू लागला. स्वतः विस्कॉन्सिन राज्याचा अनेकदा विजेता. त्याची पद्धत १९६० मध्ये अमेरिकेच्या संघटनेने आणि १९७० मध्ये 'फिडे'ने, म्हणजे १९२४ साली पॅरिसमध्ये स्थापन झालेल्या जागतिक संघटनेने स्वीकारली. पुष्कळांना वाटतं एलो ही कसलीतरी आद्याक्षरं असावीत. ते त्या प्राध्यापकाचं आडनाव आहे आणि हंगेरियन भाषेत त्याचा अर्थ होतो 'जिवंत'. आपल्या कामाचं वर्णन करताना तो म्हणायचा, की पाण्यावर वरखाली होणारं बूच वाऱ्यात झुलणाऱ्या दोरीला बांधलेल्या पट्टीने मोजावं, तसं हे काम आहे. गिरणेच्या पुरात वाहत आलेला लाकडाचा ओंडका ज्याने पुलावरून पाहिला असेल, त्याला ही अडचण लगेच कळेल. ओंडका हलतो, पाणी हलतं, पाहणाऱ्याची नजरही हलते. तरी तो किती उंचीवर तरंगतोय याचा अंदाज हवा असेल, तर पुन्हा पुन्हा मोजायचं आणि प्रत्येक वेळी जुना अंदाज जरासा सुधारायचा.

हिशेब असा आहे. दोघांचे आकडे सारखे असतील, तर दोघांकडून निम्म्या-निम्म्या गुणांची अपेक्षा. विजयाला एक गुण, बरोबरीला अर्धा. फरक २०० चा असेल, तर वरच्याने शंभर डावांत ७६ गुण मिळवावेत. फरक ४०० चा झाला, की अकरा डावांत दहा गुण वरच्याचे आणि एकच खालच्याचा. डाव झाल्यावर एवढंच पाहायचं, की अपेक्षेपेक्षा जास्त केलं की कमी. जेवढा फरक, त्या प्रमाणात आकडा सरकतो. किती जोराने सरकावा, हे खेळाडूच्या मुरलेपणावर ठरतं. होतकरू मुलांसाठी गुणक ४० असतो, सर्वसाधारण खेळाडूला २० आणि एकदा २४०० गाठलं की १०. रोप भराभर वाढतं आणि जुना आंबा वर्षाला वीतभरच सरकतो, हे गणितातही आलं आहे.

यात मला सगळ्यांत मोलाची वाटते ती हरणाऱ्याला मिळणारी वागणूक. गुणक २० असलेला मुलगा स्वतःपेक्षा ४०० ने भारी खेळाडूपुढे बसून हरला, तर त्याचे दोनच गुण जातात, कारण तो हरणार हे आकड्याने आधीच धरलेलं असतं. त्याने बरोबरी साधली, तर आठ मिळतात. जिंकला, तर अठरा. मोठ्याशी झुंजायला जाणाऱ्याचं नुकसान नगण्य आणि लाभ भरघोस. आणि मोठ्याला दुबळ्यांना झोडपून मोठं होता येत नाही, कारण अशा विजयातून त्याच्या पदरात जेमतेम चिमूटभर पडतं.

आता पदव्या. त्या १९५० मध्ये अधिकृतपणे सुरू झाल्या. पहिल्या खेपेला जगातल्या फक्त २७ जणांना ग्रँडमास्टर म्हटलं गेलं. आजची अट अशी, की रेटिंग एकदा तरी २५०० ला टेकलं पाहिजे आणि शिवाय तीन 'नॉर्म' हवेत. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत, सहसा नऊ डावांत, २६०० रेटिंगच्या खेळाडूला शोभेल अशी कामगिरी. प्रतिस्पर्ध्यांची सरासरी २४७५ असेल, तर नऊपैकी सहा गुण लागतात. सरासरी २३८० इतकी खाली असेल, तर सात. समोरच्यांत किमान तीन ग्रँडमास्टर हवेत आणि सगळे एकाच देशाचे चालत नाहीत. म्हणजे घरच्या अंगणात आपल्याच माणसांत पराक्रम गाजवून ही पदवी मिळत नाही. इंटरनॅशनल मास्टरला २४०० आणि तसेच तीन नॉर्म. त्याखाली २३०० ला फिडे मास्टर.

रेटिंग आणि पदवी या दोन गोष्टी किती वेगळ्या आहेत, ते इथे कळतं. रेटिंग चढतं, उतरतं, श्वास घेतं. पदवी मात्र एकदा मिळाली की जन्मभराची. सत्तरीला आलेल्या ग्रँडमास्टरचा आकडा २३०० वर उतरला, तरी नावामागची अक्षरं तशीच राहतात. त्याने एके काळी काय केलं ते पदवी सांगते, आज तो कुठे आहे ते आकडा.

विदितचा प्रवास या दोन्हींतून पाहण्यासारखा आहे. जन्म २४ ऑक्टोबर १९९४, इंदूरचा, पण वाढला नाशिकमध्ये. आईवडील दोघेही डॉक्टर. २००८ मध्ये व्हिएतनामला झालेल्या जागतिक स्पर्धेत चौदा वर्षांखालच्या गटात तो पहिला आला. २०१३ मध्ये ग्रँडमास्टर झाला. २०१७ मध्ये २७०० चा टप्पा ओलांडला. भारतात त्याआधी ही रेषा फक्त आनंद, शशिकिरण आणि हरिकृष्ण यांनी पार केली होती. २०२० च्या ऑनलाइन ऑलिंपियाडमध्ये भारताने रशियासोबत संयुक्त सुवर्ण मिळवलं, तेव्हा कर्णधार तोच होता.

पण त्याच्या कारकिर्दीतलं एक पान मी पुन्हा पुन्हा उघडून पाहतो. २०२३ ची ग्रँड स्विस स्पर्धा, आइल ऑफ मॅनच्या बेटावर. शंभराहून जास्त खेळाडू, अकरा फेऱ्या. स्विस पद्धतीत प्रत्येक फेरीला सारख्या गुणांचे खेळाडू समोरासमोर येतात, म्हणून जिंकणाऱ्याची वाट दर फेरीला अवघड होत जाते. विदित पहिल्याच फेरीत नेदरलँड्सच्या एर्विन लामीकडून हरला. अशा स्पर्धेत पहिला डाव गमावलेला खेळाडू मागच्या पटांवर जातो आणि बहुतेक वेळा तिथेच राहतो. विदितने उरलेल्या दहा फेऱ्यांत साडेआठ गुण घेतले आणि स्पर्धा जिंकली. महिलांच्या ग्रँड स्विसमध्ये त्याच वेळी, त्याच बेटावर चेन्नईची वैशाली पहिली आली.

त्या विजयाने त्याला कँडिडेट्सचं दार उघडून दिलं. जगज्जेत्याला आव्हान कोण देणार हे ठरवणारी ही स्पर्धा. फक्त आठ खेळाडू, प्रत्येकाशी दोनदा, एकूण चौदा फेऱ्या. एप्रिल २०२४ मध्ये टोरांटोला त्या आठांत तीन भारतीय होते, गुकेश, प्रज्ञानंद आणि विदित. दुसऱ्या फेरीत विदितसमोर अमेरिकेचा हिकारू नाकामुरा बसला. नाकामुरा तेव्हा पारंपरिक बुद्धिबळात सलग ४७ डाव अपराजित होता. विदितकडे काळे मोहरे. त्याने डावाच्या सुरुवातीलाच उंटाचा बळी देऊन पांढऱ्या राजापुढची भिंत फोडली आणि २९ खेळ्यांत डाव संपवला. नवव्या फेरीत पांढऱ्या मोहऱ्यांनी पुन्हा त्यालाच हरवलं.

त्या पहिल्या डावाचा हिशेब मी कागदावर करून पाहिला. नाकामुरा २७८९, विदित २७२७. फरक ६२. विदितकडून अपेक्षा सुमारे ०.४१ गुणांची होती, मिळाला एक. गुणक १०. त्या डावाने त्याच्या आकड्यात जेमतेम सहाची भर पडली आणि नाकामुराच्या आकड्यातून तेवढेच सहा गेले. वर्तमानपत्रांनी मथळे केले, गावोगावच्या पोरांनी त्या उंटाची खेळी पाठ केली, आणि आकडा सहाने हलला. माझ्या मते यातच त्या आकड्याची प्रतिष्ठा आहे. तो कौतुकाने फुगत नाही. स्पर्धेअखेर विदितचे सहा गुण झाले, गुकेश नऊ गुणांनी पहिला आला आणि डिसेंबरात सिंगापूरला डिंग लिरेनला हरवून अठराव्या वर्षी जगज्जेता झाला.

त्याआधी सप्टेंबरात बुडापेस्टचं ऑलिंपियाड झालं. भारताच्या खुल्या संघात गुकेश, प्रज्ञानंद, अर्जुन एरिगैसी, विदित आणि हरिकृष्ण. अकरा सामन्यांत दहा विजय, एक बरोबरी. ४४ डावांत हार फक्त एका डावात. २२ सप्टेंबर २०२४ रोजी खुल्या आणि महिलांच्या, दोन्ही गटांत भारताला सुवर्ण मिळालं. प्रत्यक्ष पटावरच्या ऑलिंपियाडमध्ये भारताला सुवर्ण मिळण्याची ही पहिलीच वेळ होती आणि पहिल्याच वेळी दोन आली. महिला संघाचे कर्णधार होते पुण्याचे अभिजित कुंटे.

कुंट्यांचं नाव आलं म्हणून थोडं मागे जातो. आनंद १९८८ मध्ये भारताचा पहिला ग्रँडमास्टर झाला. दुसरे दिब्येंदू बरुआ, १९९१. तिसरे मुंबईचे प्रवीण ठिपसे, १९९७. चौथे कुंटे, २०००. बारा वर्षांत चार, आणि चारांतले दोन मराठी. ही माणसं शिकली तेव्हा संगणक नव्हता. परदेशी मासिकं महिन्या-दोन महिन्यांनी येत आणि त्यातले डाव वहीत उतरवून घ्यावे लागत. सांगलीत भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळाच्या स्पर्धा वर्षानुवर्षं भरवल्या. पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९५५ मध्ये एलुरूला झाली, तिच्या संयुक्त विजेत्यांतही रामचंद्र सप्रे हे मराठी नाव आहे.

आणि खाडिलकर भगिनी. 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली, वासंती, जयश्री, रोहिणी. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ मध्ये झाली, ती वासंतीने जिंकली. पहिली दहा वर्षं हे विजेतेपद या एका घराबाहेर गेलंच नाही. जयश्री भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली. रोहिणी १९७६ मध्ये पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली, तेव्हा तेरा वर्षांची होती. बाईने पुरुषांच्या स्पर्धेत खेळावं का, यावर वाद पेटला, कोर्टापर्यंत गेला आणि शेवटी फिडेने सांगितलं, की स्त्रियांना अशा स्पर्धांतून अडवता येणार नाही. पटावर सोंगट्या मांडल्यावर समोर मुलगा आहे की मुलगी हे सूत्राला दिसत नाही. माणसांना ते दिसू नये म्हणून एका तेरा वर्षांच्या मराठी मुलीला आधी तिथे जाऊन बसावं लागलं. रोहिणी पुढे पाच वेळा राष्ट्रीय विजेती झाली, १९८१ मध्ये आशियाई विजेती झाली.

आमच्या तालुक्यात सप्तशृंगीचा गड आहे. पायथ्यापासून देवीपर्यंत पायऱ्या आहेत आणि लाखो माणसं त्या चढतात. पण चैत्र पौर्णिमेच्या यात्रेत थेट शिखरावर ध्वज लागतो, तिथे जायला वाट नाही. दरेगावचे मानकरी रात्री तो उभा कडा चढतात. सकाळी खालून माणसं ध्वज पाहतात आणि हात जोडतात. नागपूरच्या दिव्या देशमुखची पदवी समजली, तेव्हा मला तो ध्वज आठवला.

दिव्याचा जन्म ९ डिसेंबर २००५ चा. तिचेही आईवडील डॉक्टर. २०२४ मध्ये गांधीनगरला ती वीस वर्षांखालची जगज्जेती झाली, अकरापैकी दहा गुण. बुडापेस्टच्या सुवर्णसंघात होती आणि तिथे तिने वैयक्तिक सुवर्णही मिळवलं. जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला महिला विश्वचषकासाठी ती गेली, तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. रेटिंग २५०० च्या खाली. मानांकन पंधरावं. ही बाद पद्धतीची स्पर्धा. एक लढत हरली की सामान बांधायचं. तिने चीनच्या झू जिनेरला हरवलं. मग भारताच्याच हरिकाला. मग तान झोंगयीला, जी एकदा जगज्जेती होऊन गेलेली. अंतिम लढत कोनेरू हंपीशी. हंपी २००२ मध्ये ग्रँडमास्टर झाली, तेव्हा दिव्याचा जन्मही झालेला नव्हता. दोन पारंपरिक डाव बरोबरीत सुटले. जलद डावांतला पहिलाही बरोबरीत. दुसरा दिव्याने काळ्या मोहऱ्यांनी जिंकला. तारीख होती २८ जुलै.

फिडेचा एक नियम आहे. काही मोजक्या स्पर्धांच्या विजेत्याला नॉर्म आणि २५०० ची अट न लावता थेट पदवी मिळते. महिला विश्वचषक त्यातला एक. त्या एका डावाबरोबर दिव्या भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली, स्त्रियांत चौथी. डाव संपल्यावर ती आईला मिठी मारून रडली, ते चित्र सगळ्या देशाने पाहिलं. विदित पायऱ्यांनी गेला, दिव्या कड्यावरून. पायऱ्यांचे कष्ट कमी नसतात, हे गड चढलेल्या कुणालाही सांगावं लागणार नाही. वर पोचल्यावर दोघांच्या नावामागे लागलेली अक्षरं तीच आहेत.

हे सगळं मी भाच्याला थोडं थोडं करून सांगितलं. त्याला सगळ्यांत जास्त रस होता तो स्वतःच्या आकड्यात. मोबाइलवरचा आकडा फिडेचा नाही, हे कळल्यावर तो जरा हिरमुसला. मी त्याला सांगितलं, की फिडेची यादी हल्ली १४०० पासून सुरू होते. पूर्वी १००० पासून व्हायची, पण खालचे आकडे गळपटले होते, नवी मुलं खेळात भारी आणि आकड्यात हलकी अशी अवस्था झाली होती. म्हणून मार्च २०२४ मध्ये २००० च्या खालच्या सगळ्यांना एकदाच वर उचललं. २००० ला जेवढं कमी, त्याच्या चाळीस टक्के भर घातली. हजाराचे चौदाशे झाले, पंधराशेचे सतराशे. रेटिंग असलेल्या पाच खेळाडूंशी खेळलं आणि अर्धा गुण तरी मिळवला, की नाव लागू शकतं. नाशिकच्या एखाद्या स्पर्धेत जाऊन हे करता येतं.

"समज माझे चौदाशे झाले," तो म्हणाला. "आणि विदित सत्तावीसशे. मग?"

फरक १३००. मी मोबाइलचा कॅल्क्युलेटर काढला. सूत्र त्याला दाखवलं, चारशेने भागून दहाचा घात. उत्तर आलं, सतराशे एकोणऐंशी डावांत एक गुण.

"रोज एक डाव खेळला तर?"

"पाच वर्षांना थोडे कमी."

त्याने बोटांवर काहीतरी मोजलं. "एक गुण म्हणजे जिंकायलाच पाहिजे असं कुठंय? बरोबरीला अर्धा मिळतो ना?"

"मिळतो. मग आठशे नव्वद डावांत एक बरोबरी."

"म्हणजे अडीच वर्षं," तो म्हणाला. तेवढ्यात आमच्या ट्रॉलीजवळ बोली आली. मी उठलो. तो ट्रॉलीखालीच राहिला आणि त्याने पुढचा डाव लावला.